उंबरठा किती उंच करणार?

इस्रायलमध्ये मतदान अजूनही कागदाच्या चिठ्ठीनं होतं. पडद्यामागे खणाखणांचा एक ट्रे ठेवलेला असतो आणि प्रत्येक खणात एकेका पक्षाच्या चिठ्ठ्यांची चळत. चिठ्ठीवर उमेदवाराचं नाव नाही, कमळ-पंजासारखं चिन्ह नाही. मोठ्या ठशातली एक-दोन-तीन हिब्रू अक्षरं आणि खाली पक्षाचं नाव. एक चिठ्ठी उचलायची, पाकिटात घालायची, पेटीत टाकायची. नेतन्याहूंच्या उजव्या लिकुड पक्षाची अक्षरं मेम, खेत, लामेद. त्यांचा उच्चार 'महल'च्या जवळ जातो, आणि मराठी कानाला त्याची गंमत वाटल्याशिवाय राहत नाही. मजूर पक्षाची अक्षरं जोडली की 'एमेत' होतं, म्हणजे सत्य. याईर लापिड यांच्या येश अतीदची दोन अक्षरं 'पो' अशी वाचली तर अर्थ होतो 'इथे'. हव्या त्या पक्षाची चळत संपली असेल तर कोऱ्या पांढऱ्या चिठ्ठीवर पेनानं अक्षरं लिहिली तरी मत चालतं.

सगळा देश मिळून एकच मतदारसंघ. क्नेसेटच्या म्हणजे संसदेच्या १२० जागा मतांच्या प्रमाणात पक्षांना वाटल्या जातात, आणि पक्षानं आधीच लावून ठेवलेल्या यादीतून वरपासून माणसं निवडून येतात. अट एकच. एकूण मतांपैकी ठरावीक टक्के तरी मिळायला हवेत, नाहीतर सगळी मतं पाण्यात. त्या अटीला हिब्रूत अडवणुकीची टक्केवारी अशा अर्थाचा शब्द आहे. मी तिला उंबरठा म्हणतो.

१ नोव्हेंबर २०२२ ला तिथं रात्री दहाला मतदान संपलं तेव्हा आपल्याकडे दीड वाजला होता. साडेतीन वर्षांतली ती पाचवी निवडणूक. आधीच्या चार वेळचा अनुभव असल्यामुळे मी एक्झिट पोलच्या आकड्यांकडे फारसं पाहत नव्हतो. डोळा होता तळाच्या दोन ओळींवर. एक डाव्या विचाराचा मेरेत्झ, दुसरा अरब राष्ट्रवादी बालाद. उंबरठा ३.२५ टक्के. मेरेत्झ ३.१६ वर अडकला, बालाद २.९ वर. सैनिकांची, रुग्णालयांतली आणि तुरुंगांतली मतं दुहेरी पाकिटांत येतात, ती शेवटी मोजतात. तीही मोजून झाली तरी मेरेत्झला चारेक हजार मतं कमीच पडली. दोघांची मिळून सुमारे २ लाख ८९ हजार मतं बाद. देशभरात नेतन्याहूंच्या बाजूची आणि विरोधातली मतं जवळजवळ समसमान होती, जागा मात्र ६४ विरुद्ध ५६. त्या ६४ जागांतून इस्रायलच्या इतिहासातलं सर्वांत उजवं सरकार उभं राहिलं.

या देशाच्या राजकारणाबद्दल आपल्याकडे ठरलेलं एक वाक्य आहे: "त्यांची पद्धतच तशी, चिल्लर पक्ष सरकारला ओलीस धरतात." इस्रायलमध्येही हेच म्हणतात, आणि गेली तीस-पस्तीस वर्षं त्यावर नियमांच्या दुरुस्तीचा उतारा शोधतात. मला हे निदान पटत नाही. पद्धत १९४९ पासून फारशी बदललेली नाही. बदलले ते मोठे पक्ष. आपल्या नेत्याला आणि आपल्या भागीदाराला 'नाही' म्हणायची ताकद ज्या पक्षात उरत नाही, त्याला नियमांच्या कितीही कुबड्या दिल्या तरी तो चालत नाही. उलट प्रत्येक नव्या कुबडीनं तो थोडा जास्तच लंगडला. हे मी तीन-चार प्रसंगांतून मांडणार आहे.

पहिली निवडणूक जानेवारी १९४९ ची. बेन-गुरियन यांच्या मापाय पक्षाला ४६ जागा मिळाल्या, म्हणजे बहुमत नाहीच. इस्रायलमध्ये आजवर एकाही पक्षाला एकट्याच्या बळावर ६१ चा आकडा गाठता आलेला नाही. १९६९ मध्ये मजूर आघाडी ५६ पर्यंत पोचली, तो उच्चांक. तरीही १९४९ ते १९७७ या काळात आठ निवडणुका झाल्या आणि आठही वेळा मापाय किंवा त्यातून पुढे बनलेल्या मजूर पक्षानं सरकार बनवलं. सरकारं अधूनमधून पडायची, बेन-गुरियन रुसून राजीनामा द्यायचे, पण कण्याला धक्का नव्हता. आणि तेव्हा उंबरठा किती होता? १ टक्का! क्नेसेटमध्ये पक्षांची जत्रा तेव्हाही होतीच. फरक असा की मापाय हा नुसता निवडणुकीपुरता पक्ष नव्हता. हिस्ताद्रुत ही कामगार संघटना, तिचे दवाखाने, किबुत्झ म्हणजे सामूहिक शेतीच्या वस्त्या, रोजगार कचेऱ्या, वर्तमानपत्र असा त्याचा पसारा गावोगाव होता. आपल्याकडे एके काळी साखर कारखाना, जिल्हा बँक, शिक्षण संस्था आणि काँग्रेस यांची जी एकच वीण होती, ती डोळ्यांसमोर आणली की चित्र लवकर समजतं.

त्या विणीला बाहेरची माणसंही होती, आणि तीच पुढे निर्णायक ठरली. मोरोक्को, इराक, येमेनहून आलेल्या ज्यूंना आधी तंबूंच्या छावण्यांत आणि मग नेगेवच्या वाळवंटातल्या नव्या वस्त्यांत नेऊन टाकलं. त्यांत आपली माणसंही होती. अलिबाग, पेण, रोहा, मुंबईतून गेलेले बेने इस्रायल, शनिवारी घाणा बंद ठेवणारे म्हणून कोकणात ज्यांना 'शनिवार तेली' म्हणत ते. बीरशेबा, दिमोना, अश्दोद, लोद इथं ती वसली. १९५१-५२ मध्ये तर त्यांतल्या काहींनी तेल अवीवला धरणं धरलं, आम्हाला परत पाठवा म्हणून, आणि काही कुटुंबं खरोखर मुंबईला परत आली. १९७१ मध्ये जेरुसलेमच्या गरीब वस्तीतल्या पूर्वेकडच्या ज्यू तरुणांनी अमेरिकेतलं नाव उचलून 'ब्लॅक पँथर्स' काढली. वर्षभरानं मुंबईत दलित पँथर निघाली तीही त्याच नावावरून. दोन्हीकडचा राग सारखाच होता: सत्ता आपल्या नावानं चालते, आपल्याला विचारून नाही.

१७ मे १९७७ ला तो राग पेटीत पडला. मेनाखेम बेगिन यांचा लिकुड ४३, मजूर आघाडी ३२. दूरदर्शनवर निवेदकानं 'महापाख' म्हणजे उलथापालथ हा शब्द उच्चारला आणि तो निवडणुकीचं नावच होऊन बसला. त्यानंतर १९८१ मध्ये लिकुड ४८, मजूर ४७. १२० पैकी ९५ जागा दोनच पक्षांकडे. प्रमाणशीर पद्धत, एक टक्क्याचा उंबरठा, आणि तरी जवळपास द्विपक्षीय संसद! पद्धतीला शिव्या देणाऱ्यांनी हा आकडा एकदा नीट पाहावा.

मग औषधोपचार सुरू झाले.

मार्च १९९० मध्ये मजूर पक्षाचे शिमॉन पेरेस यांनी धार्मिक पक्षांशी गुपचूप बोलणी करून स्वतःच भागीदार असलेलं लिकुडच्या यित्झाक शामीर यांचं सरकार पाडलं. पुढचे काही आठवडे एकेका आमदाराचा भाव फुटत होता. आपण त्याला घोडेबाजार म्हणतो. शेवटी ऐन वेळी दोन अतिधार्मिक सदस्य फिरले, पेरेस तोंडघशी पडले आणि शामीर पुन्हा पंतप्रधान झाले. पेरेस यांच्याच पक्षातल्या राबिन यांनी या खटपटीला 'दुर्गंधी मारणारा डाव' म्हटलं आणि तो शब्द रूढ झाला. लोक रस्त्यावर उतरले, आणि त्यांचा संताप रास्त होता. पण उपाय निघाला तो असा: पंतप्रधान थेट जनतेतून निवडा, म्हणजे त्याला कुणाच्या दाढीला हात लावायला नको. १९९२ मध्ये कायदा झाला, १९९६ पासून अंमल. (१९९१ मध्ये पक्षांतराविरुद्धही तरतूद आली: फुटणाऱ्याला पुढच्या निवडणुकीत मावळत्या क्नेसेटमधल्या कुठल्याही पक्षाच्या यादीत जागा नाही, पण एक तृतीयांश सदस्य एकत्र फुटले तर चालतं. आपल्या १९८५ च्या कायद्यातली एक तृतीयांशाची वाट कुठे घेऊन गेली हे मराठी वाचकाला सांगायला नको.)

थेट निवडणुकीत मतदाराच्या हातात दोन चिठ्ठ्या आल्या, एक पंतप्रधानासाठी, एक पक्षासाठी. त्यानं अगदी शहाणपणानं वागून पद्धतीची वाट लावली. पंतप्रधान ठरवायला एक मत आहेच, मग दुसरं मत आपल्या मनातल्या, आपल्या जातकुळीच्या पक्षाला का देऊ नये? १९९२ मध्ये मजूर आणि लिकुडच्या मिळून ७६ जागा होत्या. १९९६ मध्ये ६६. १९९९ मध्ये ४५. पूर्वेकडच्या धार्मिक ज्यूंचा शास पक्ष त्याच वर्षी १७ वर पोचला, लिकुडच्या १९ ला जवळपास खेटून, आणि क्नेसेटमध्ये पंधरा याद्या बसल्या. १९९६ मध्ये तीस हजारांहूनही कमी मतांनी नेतन्याहू पेरेस यांना हरवून गेले. तिथं गमतीनं म्हणतात, रात्री झोपलो तेव्हा पेरेस पंतप्रधान होते, उठलो तेव्हा नेतन्याहू. पण तीन वर्षांत त्यांचं सरकार गडगडलं, त्यांच्यानंतर आलेल्या मजूर पक्षाच्या एहुद बराक यांचं दोन वर्षंही टिकलं नाही. थेट निवडलेला पंतप्रधान अधिक बलवान होणार होता. त्याला मिळाली आणखी बारीक तुकड्यांची संसद. २००१ मध्ये कायदा मागे घेतला. नुकसान मात्र मागे घेता आलं नाही. मोठ्या पक्षाला मत देण्याची सवय एकदा मोडली ती मोडलीच.

दुसरं औषध म्हणजे उंबरठा. १ चा दीड, मग २, आणि २०१४ मध्ये ३.२५. या शेवटच्या वाढीचे सर्वांत मोठे पुरस्कर्ते उजवे नेते अविग्दोर लिबरमन, आणि छोट्या अरब पक्षांना बाहेर ठेवण्याचा त्यात हेतू आहे हा आरोप तेव्हा उघडउघड झाला. झालं काय? एरवी एकमेकांचं तोंड न पाहणारे चार अरब पक्ष, त्यांत कम्युनिस्टही आणि इस्लामीही, नाइलाजानं एका यादीत आले आणि २०१५ मध्ये १३ जागा घेऊन क्नेसेटमधला तिसरा सर्वांत मोठा गट बनले. लिबरमन यांचा पक्ष ६ वर घसरला आणि २०१९ च्या एप्रिलमध्ये ५ वर, म्हणजे स्वतःच उंच केलेल्या उंबरठ्याला पाय लागेल इतक्या जवळ. त्याच एप्रिलमध्ये नफ्ताली बेनेट यांच्या नव्या पक्षाला ३.२२ टक्के मिळाले. जेमतेम दीड हजार मतं कमी पडली आणि पुढे पंतप्रधान होणारा माणूस घरी बसला.

उंबरठ्याचा सर्वांत मोठा धडा मात्र वेगळाच आहे.

१९८४ मध्ये मेइर काहाने नावाचा रब्बी क्नेसेटवर निवडून आला. अमेरिकेतून आलेला, अरबांना देशाबाहेर हाकला असं उघड सांगणारा, ज्यू आणि अरब यांच्यातल्या लग्नांवर कायद्यानं बंदी मागणारा. मतं सुमारे २६ हजार, १.२ टक्के. उंबरठा १ टक्का असल्यामुळे एक जागा मिळाली. मग काहाने बोलायला उभा राहिला की काय व्हायचं? सभागृह रिकामं. डावे तर जायचेच, पण यित्झाक शामीर आणि त्यांचे लिकुडचे सहकारीही उठून बाहेर जायचे. काहाने रिकाम्या खुर्च्यांसमोर भाषण करायचा. १९८५ मध्ये वंशद्वेष पसरवणाऱ्या यादीला निवडणूक लढवण्यास मनाई करणारी दुरुस्ती झाली, तिला लिकुडचाही पाठिंबा होता, आणि १९८८ मध्ये काहानेची यादी बाद झाली. उंबरठा ठेंगणाच होता, तरी त्याला दाराबाहेर ठेवलं ते आत बसलेल्या माणसांनी.

आता काहानेचा अनुयायी इटामार बेन-ग्वीर. २००७ मध्ये वंशद्वेषाला चिथावणी देणं आणि दहशतवादी संघटनेला पाठिंबा देणं या गुन्ह्यांत दोषी ठरलेला. हेब्रॉनमध्ये १९९४ साली नमाज पढणाऱ्या २९ जणांना गोळ्या घालणाऱ्या बारूख गोल्डस्टीनचं चित्र याच्या दिवाणखान्यात कित्येक वर्षं टांगलेलं होतं. सप्टेंबर २०१९ मध्ये याचा पक्ष एकटा लढला आणि दोन टक्क्यांच्या आतच राहिला. म्हणजे उंबरठ्यानं आपलं काम केलं, असं वाटेल. पण उंबरठा उंच झाला की उंबरठ्याखाली वाया जाणाऱ्या मतांची किंमतही वाढते. नेतन्याहूंना आपल्या बाजूची हजारो मतं वाया जाणं परवडणारं नव्हतं, म्हणून २०१९ पासून त्यांनी स्वतः मध्यस्थी करून या मंडळींची इतर धार्मिक उजव्यांशी सोयरीक जुळवायला सुरुवात केली. २०२२ मध्ये बेझालेल स्मोट्रिच आणि बेन-ग्वीर एका यादीत आले, १४ जागा मिळाल्या. निवडणूक झाल्यावर यादी लगेच तीन गटांत वेगळी झाली: ७, ६ आणि १. उंबरठा ओलांडेपर्यंत हातात हात, ओसरीवर पाय पडताच आपापली चूल. पक्षांची संख्या कमी करायला आणलेला नियम पक्षांची संख्या कमी करत नाही, फक्त मोजायची वेळ बदलतो.

एक टक्क्याच्या उंबरठ्यावर काहानेला मिळाली होती १ जागा. सव्वातीन टक्क्यांच्या उंबरठ्यावर त्याच्या शिष्याला मिळाल्या ६, आणि वर देशाच्या पोलिसांचं खातं. या वेळी सभागृहातून कुणी उठून गेलं नाही.

याच कारणासाठी डाव्यांबद्दलही मला फार सहानुभूती वाटत नाही. २०२२ मध्ये मेरेत्झनं एकत्र लढायचा प्रस्ताव दिला होता. मजूर पक्षाच्या तेव्हाच्या अध्यक्ष मेराव मिखाएली यांनी तो नाकारला. मजूर पक्ष स्वतः ४ जागांवर, उंबरठ्याला घासून आत. ज्या पक्षानं देश उभारला त्याच्या चार जागा! दोघं एकत्र आले ते २०२४ मध्ये, 'डेमोक्रॅट्स' या नावानं, वरात गेल्यावर घोडं सजवावं तसं. अरब पक्षही २०२२ मध्ये फुटून लढले होते. नियम सगळ्यांना माहीत होता, आकडे समोर होते. नेतन्याहूंनी घटकपक्षांची मोट बांधली, बाकीच्यांनी आपापली शुद्धता जपली.

मध्यममार्गी पक्षांची तर कथा करावी तितकी थोडी. १९७७ मध्ये पुरातत्त्वज्ञ आणि माजी लष्करप्रमुख यिगाएल यादिन यांचा दाश, पहिल्याच झटक्यात १५ जागा, पुढच्या निवडणुकीपर्यंत नामशेष. २००३ मध्ये शिनुई, १५ जागा, पुढच्या वेळी शून्य. २००६ मध्ये पेन्शनरांचा पक्ष, ७ जागा, पुढच्या वेळी शून्य. आरिएल शॅरॉन यांनी लिकुड फोडून काढलेला कादिमा २९, मग २८, मग २. बेनी गांट्झ यांचा ब्लू अँड व्हाइट एप्रिल २०१९ मध्ये लिकुडच्या बरोबरीनं ३५, आणि वर्षभरात दुभंग. या पक्षांची कृती एकच असते: निवृत्त सेनापती किंवा टीव्हीवरचा चेहरा, निवडणुकीआधी तीन महिने, शाखा नाही, सभासद नाहीत, यादी नेता लावणार. येश अतीद त्यांतला त्यातल्या त्यात चिवट. पण लापिड यांनीही पक्षात नेतेपदाची पहिली निवडणूक घेतली ती मार्च २०२४ मध्ये, म्हणजे पक्ष निघून बारा वर्षं झाल्यावर, आणि जिंकले अवघ्या २९ मतांनी. जिथं नेत्याला पक्षात कुणी हरवूच शकत नाही, तिथं त्याला अडवणार कोण?

लिकुडमध्ये निवडणुका होतात, सभासद खूप आहेत, शाखा जिवंत आहेत. म्हणूनच तो टिकून आहे हे मान्य केलं पाहिजे. पण २०१२ च्या अंतर्गत निवडणुकीत दान मेरिडोर आणि मेनाखेम बेगिन यांचे चिरंजीव बेनी बेगिन मागे पडले, तेव्हा न्यायालयाची बूज राखणारा, कायद्याचं राज्य म्हणजे काय ते जाणणारा लिकुड संपला. राहिलेल्यांत ज्याला नेतन्याहूंना 'नाही' म्हणायचं होतं त्याला बाहेर जाऊनच म्हणावं लागलं. लिबरमन एके काळी नेतन्याहूंच्या कार्यालयाचे महासंचालक. बेनेट त्यांचे कार्यालयप्रमुख, आयेलेट शाकेदही त्याच कार्यालयातल्या. गिदोन सार त्यांचे मंत्री. डिसेंबर २०१९ मध्ये नेतेपदाला आव्हान देऊन सडकून हरले, वेगळा पक्ष काढला आणि शेवटी परत लिकुडमध्ये आले. म्हणजे इस्रायलचा विरोधी पक्ष हा बऱ्याच अंशी नेतन्याहूंचा जुना कर्मचारीवर्ग आहे. डावं-उजवं, शांतता-भूभाग या जुन्या वादांची जागा एका प्रश्नानं घेतली: हा माणूस हवा की नको. विरोधकांची घोषणाही तेवढीच, 'राक लो बीबी', फक्त बीबी नको. मे २०२० मध्ये त्यांच्यावर लाचखोरी, फसवणूक आणि विश्वासभंगाचा खटला सुरू झाल्यावर त्या प्रश्नाला आणखी धार आली. पंतप्रधानाचं घर वाचवणं हाच पक्षाचा कार्यक्रम झाला की भागीदार वाटेल ती किंमत सांगू शकतो. २०२३ च्या जानेवारीत न्यायालयाचे पंख छाटणारा आराखडा आला, तो त्याच किंमतपत्रिकेवर होता.

ही किंमत फक्त इस्रायली मतदार मोजत नाहीत. ७ ऑक्टोबर २०२३ च्या हमासच्या हल्ल्यात सुमारे बाराशे माणसं मारली गेली, त्यानंतरच्या युद्धात गाझामध्ये हजारोंच्या हजारोंनी. त्या काळात प्रत्येक युद्धबंदीच्या बोलण्यावर स्मोट्रिच आणि बेन-ग्वीर यांच्या सरकार पाडायच्या धमकीची सावली होती. जानेवारी २०२५ मध्ये युद्धबंदी झाली तेव्हा बेन-ग्वीर सरकारबाहेर पडले आणि मार्चमध्ये हल्ले पुन्हा सुरू झाल्यावर परत आले. वेस्ट बँकेतल्या पॅलेस्टिनी माणसाला क्नेसेटसाठी मत नाही, त्याच्या रस्त्यावरची चौकी मात्र तिथल्या सहा-सात जागांच्या हिशेबानं ठरते. इस्रायलच्या लोकशाहीचं कौतुक करताना आपल्याकडचे लेखक हा भाग हातचा राखून ठेवतात.

वेगळं काही करून बघितलंच नाही असं नाही. जून २०२१ मध्ये बेनेट आणि लापिड यांनी आठ पक्षांचं सरकार बनवलं, ६० विरुद्ध ५९ मतांनी. त्यात मन्सूर अब्बास यांचा राआम होता. स्वतंत्र अरब पक्ष सत्तेत भागीदार होण्याची ही पहिलीच वेळ. सगळ्यांनी भाकीत केलं की अरब पक्ष दगा देणार. दगा दिला तो पंतप्रधानांच्या स्वतःच्या सात जणांच्या पक्षानं. एप्रिल २०२२ मध्ये, ज्या सणात खमीर वर्ज्य असतं त्या वल्हांडणाच्या तोंडावर, रुग्णालयांत खमिराचे पदार्थ आणू द्यायचे की नाही या वादाचं कारण देऊन बेनेट यांच्या सहकारी इदित सिलमन बाहेर पडल्या आणि बहुमत गेलं. पुढे त्या लिकुडच्या यादीतून निवडून आल्या आणि मंत्री झाल्या. भाकरीच्या तुकड्यावरून सरकार पडलं असं तेव्हा हसून लिहिलं गेलं. मला ते हसण्यासारखं वाटलं नाही. सात जागांचा पंतप्रधान होता, त्याच्यामागे पक्ष असा नव्हताच.

कुणी म्हणेल, मग आपल्यासारखे मतदारसंघ करा. २०१४ मध्ये आपल्याकडे ३१ टक्के मतांवर २८२ जागा आल्या, हे ज्याला चालतं त्यानं खुशाल करावेत. इस्रायलसारख्या अठरापगड देशात एक पंचमांश अरब नागरिकांचं त्यात काय होईल याचा विचार मात्र करावा. उंबरठा मी २ टक्क्यांवर परत आणीन. त्यानं राजकारण सुधारेल म्हणून नव्हे, निदान तीन लाख मतं तरी कचऱ्यात जाणार नाहीत म्हणून. २०२२ मध्ये निवडून आलेल्या क्नेसेटची मुदत २७ ऑक्टोबर २०२६ पर्यंतची, आणि पुन्हा तीच गणितं मांडली जात आहेत: कोण कुणाच्या यादीत, कोण उंबरठ्याखाली. अतिधार्मिकांच्या लष्करी सेवेचा प्रश्नही तोच. बेन-गुरियन यांनी ४०० विद्यार्थ्यांना सूट दिली, बेगिन यांनी मर्यादा उठवली, आणि २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं सूट बेकायदा ठरवली तेव्हा हा आकडा ६३ हजार होता. प्रत्येक सरकार म्हणत आलं, आमचा नाइलाज आहे, भागीदार जातील.

या 'नाइलाजा'ची एक गोष्ट आपल्या कोकणातल्या माणसांमुळे मला माहीत आहे. इस्रायलमध्ये लग्न लावायचा अधिकार धर्मपीठाकडे, आणि धर्मपीठाची पाठराखण करणारा राष्ट्रीय धार्मिक पक्ष जवळजवळ प्रत्येक सरकारात. १९६२ मध्ये मुख्य रब्बींनी फर्मान काढलं की बेने इस्रायलांपैकी कुणाचं इतर ज्यूंशी लग्न ठरलं तर त्यांच्या आई, आजी, पणजीपर्यंत, जमेल तितकं मागे जाऊन, रक्त शुद्ध आहे का ते तपासावं. नवगाव-अलिबागच्या किनाऱ्यावर शतकानुशतकं शब्बाथ पाळलेल्या, घरात मराठी बोलणाऱ्या माणसांना सांगितलं गेलं की तुम्ही ज्यू आहात हे सिद्ध करा. पेणकर, रोहेकर, अष्टमकर अशा आडनावांच्या माणसांकडे दाखवायला कागद कुठले असणार? त्यांचा पक्ष नव्हता, क्नेसेटमध्ये गठ्ठा नव्हता, कुठल्याही उंबरठ्याच्या जवळपास पोचण्याइतकी संख्याही नव्हती. १९६४ च्या उन्हाळ्यात ती माणसं बायकामुलांसह जेरुसलेमला आली आणि धरणं धरून बसली.

पंतप्रधान होते लेवी एश्कोल, मापायचे, मिळमिळीत म्हणून ज्यांची टिंगल व्हायची ते. भागीदार तोच धार्मिक पक्ष, पद्धत तीच, उंबरठा तोच एक टक्का. ऑगस्टमध्ये क्नेसेट खास या प्रश्नासाठी भरली आणि सरकारनं जाहीर केलं की बेने इस्रायल हे सर्व अर्थांनी ज्यू आहेत, त्यांच्या हक्कांत कसलाही भेद चालणार नाही. धर्मपीठाला फर्मानातून बेने इस्रायल हे नाव काढावं लागलं. लग्नाचा अधिकार धर्मपीठाकडेच राहिला आणि मोघम शब्दांत चौकशीची तरतूदही राहिली. पुरता विजय नव्हता तो. धार्मिक पक्षाचे मंत्री नाराज झाले. एश्कोल यांचं सरकार पडलं नाही.